कॉलर माईक चालू होता

कॅलिफोर्नियात सनीव्हेलच्या आमच्या अपार्टमेंटमध्ये कोणी नवं मराठी कुटुंब राहायला आलं की दुसऱ्या-तिसऱ्या वाक्याला प्रश्न यायचा, "तुम्ही कुठल्या कंपनीत?" मी सांगायचो, मी माहितीपटांचा साउंड रेकॉर्डिस्ट आहे. समोरचा थोडा गोंधळायचा, मग त्याचा चेहरा उजळायचा आणि तो विचारायचा, आमच्या दिवाळीच्या कार्यक्रमाला स्पीकर लावून द्याल का. एका गृहस्थांनी तर माझ्या बायकोला बाजूला घेऊन "ह्यांचं अजून नोकरीचं जमलं नाही वाटतं" अशी चौकशी केली होती. बायको चिप बनवणाऱ्या कंपनीत इंजिनियर. तिच्या नोकरीमुळे आम्ही इथे आलो आणि तिच्यामुळेच ग्रीन कार्ड झालं. मी मुंबईत फिल्मवाल्यांच्या मागे माईक घेऊन धावण्यात अर्धं आयुष्य काढलेला माणूस. इथे येऊन मी दुसरं काय करणार?

काम काय असतं ते एकदा सांगून टाकतो. पडद्यावर माणूस दिसतो तो कॅमेऱ्यामुळे, पण तो काय म्हणतो ते कळतं माझ्यासारख्यामुळे. कधी लांब दांडीला लावलेला बूम माईक त्याच्या डोक्यावर धरायचा, कधी शर्टाच्या बटणापाशी शेंगदाण्याएवढा कॉलर माईक लावायचा. त्याची तार शर्टाच्या आतून कमरेच्या डबीत जाते आणि तिथून आवाज बिनतारी माझ्या खांद्यावरच्या मिक्सरमध्ये येतो. मिक्सरमधून तो वायरने कॅमेऱ्यात जातो. कॅमेरा थांबला की रेकॉर्डिंग थांबतं, पण माझ्या हेडफोनमध्ये आवाज येतच राहतो. माणसं नेमकं हेच विसरतात. बाथरूमला जातात, बायकोवर डाफरतात, वकिलाशी फोनवर बोलतात, आणि मी दोन खोल्या पलीकडे उभा राहून सगळं ऐकत असतो. यावर धंद्यात एक न बोललेला नियम आहे. माणूस खोलीबाहेर पडला की त्याच्या माईकचं बटण खाली करायचं. हात बटणापर्यंत जाईस्तोवर जे कानावर पडलं ते पडलंच नाही असं समजायचं. मी हा नियम आयुष्यभर पाळला. एकदा सोडून.

ती एक वेळ उर्सुलाबाईंबरोबरची. उर्सुलाबाई जर्मन. त्यांनी मला दोन हजार एकच्या उन्हाळ्यात कामाला घेतलं आणि दोन हजार आठपर्यंत सोडलं नाही. कोळशाच्या खाणींच्या गावात वाढलेली, साठीकडे झुकलेली, बारीक कापलेल्या केसांची बाई. जाकिटाला इतके खिसे की त्यात काय काय आहे ते त्यांनाही माहीत नसावं. जर्मनीत त्यांनी तुरुंगांवर, म्हाताऱ्यांच्या आश्रमांवर, बंद पडलेल्या खाणींवर फिल्म केल्या होत्या. आता तिकडचं एक टीव्ही चॅनेल त्यांना अमेरिकेवर फिल्म करायला पैसे देत होतं. मला सुरुवातीपासून शंका होती. अमेरिकेची धुणी जर्मनीत नेऊन वाळत घालायची, असा हा उद्योग असणार. एकदा मी तसं बोलूनही दाखवलं. त्या म्हणाल्या, जर्मनीची धुणी मी वीस वर्षं वाळत घातली, आता हात दुखतात. मला ते उत्तर पटलं नाही, पण आवडलं.

क्रू म्हणजे आम्ही दोघंच. कॅमेरा त्या स्वतः करायच्या. त्यांची कामाची तऱ्हा निराळी होती. "का?" हा प्रश्न त्या कुणालाही विचारत नसत. का विचारलं की माणूस कारणं तयार करतो, असं त्यांचं म्हणणं. त्या फक्त "मग?" विचारायच्या, आणि गप्प बसायच्या. अशा गप्प बसायच्या की समोरचा अस्वस्थ होऊन काहीतरी बोलायचाच, आणि बऱ्याचदा तेच खरं असायचं. दुसरं म्हणजे, ज्याच्यावर फिल्म चालू आहे त्याच्या घरचं त्या काहीही घेत नसत. चहा नाही, बिस्कीट नाही, पाणीसुद्धा नाही. स्वतःची बाटली घेऊन यायच्या. ज्याचं खाल्लं त्याची गोष्ट एडिटिंगला बसल्यावर सरळ सांगता येत नाही, हा त्यांचा हिशोब. अमेरिकन घरांत हे खपून जायचं. मराठी घरात काय होणार, ते मला आधीच दिसत होतं.

आमची पहिली फिल्म इन्शुरन्स नसलेल्या पेशंट्सवर होती. टेक्ससमधल्या शुगर लँडला एका हॉस्पिटलच्या पार्किंग लॉटमध्ये आम्ही शूटिंग करत होतो. दोन हजार एकचा सप्टेंबर होऊन गेलेला. मी बूमची दांडी घेऊन उभा होतो, पुढे वाऱ्यासाठी चढवलेली केसाळ टोपी. पाहता पाहता दोन गार्ड आले, मग पोलीस. त्या केसाळ टोपीत काय आहे, हे मला तीनदा उघडून दाखवावं लागलं. उन्हात उभा राहून मी घामाने निथळलो. उर्सुलाबाईंकडे परदेशी पासपोर्ट, व्हिसा टीव्हीवाल्यांचा, त्यांना कुणी काही विचारलं नाही. मी इथला रीतसर रहिवासी, तर माझी उलटतपासणी. परत येताना त्या गाडीत म्हणाल्या, "ज्यांच्यावर संशय घेतला जातो ते सगळे मला भेटतील. मला फोन करणारा पाहिजे. ज्याने पोलिसांना फोन केला, तो घरी जाऊन जेवला कसा, झोपला कसा, ते मला बघायचंय."

वर्षभराने त्यांना हवं तसं प्रकरण सापडलं, आणि ते निघालं आमच्याच लोकांचं.

नॉर्थ कॅरोलिनात कॅरीच्या आसपास राहणाऱ्या मराठी लोकांचं एक मंडळ होतं. अध्यक्ष डॉक्टर सबनीस, तीसएक वर्षांपूर्वी आलेले, आता रिटायर्ड. मंडळाचा गणपती हॉलमध्ये बसायचा आणि विसर्जन हॉलमागे प्लॅस्टिकच्या टबात व्हायचं. मूर्ती पितळेची, टबातून काढून पुसून पुन्हा कपाटात. ही पद्धत डॉक्टरकाकांनीच घालून दिलेली. पण इंजिनियर आणि फार्मावाली नवी मंडळी आली आणि त्यांना हे खुपायला लागलं. त्यांच्यातला मिलिंद वानखेडे नागपूरचा, एका औषध कंपनीच्या लॅबमध्ये केमिस्ट. बायको प्राजक्ता आणि लहान मुलगी. त्याने घरी शाडूची मूर्ती केली आणि मीटिंगमध्ये जाहीर केलं की हा गणपती आपण तळ्यात सोडणार. डॉक्टरकाका म्हणाले, ते पिण्याच्या पाण्याचं तळं आहे, दिवस कसे आहेत ते बघ. मिलिंद म्हणाला, काका, शाडू आहे, रंगही नाही, मी केमिस्ट आहे यार, मला कळतं. भर मीटिंगमध्ये अध्यक्षांना "यार" म्हटलेलं काहींना अजून आठवतं.

दोघंही आपापल्या जागी बरोबर होते. शाडू निरुपद्रवी होता आणि दिवस वाईट होते.

पाचव्या दिवशी ऑफिस सुटल्यावर मिलिंद आणि त्याचे तीन मित्र कापडात गुंडाळलेली मूर्ती घेऊन तळ्यावर गेले. गुडघाभर पाण्यात शिरून त्यांनी ती सोडली. बाहेर येतात तो पोलीस हजर. चौघांना गवतावर गुडघे टेकायला लावलं, हात मागे बांधले. पाण्याची तपासणी झाली, त्यात काही निघालं नाही, तिघांना सोडून दिलं. मिलिंदची फाइल मात्र उघडी राहिली. कारण फोन करणाऱ्याने सांगितलं होतं की ह्यातला एक जण लॅबमध्ये केमिकल्सचं काम करतो. लॅबने त्याला घरी बसवलं. आणि व्हिसावरच्या माणसाने घरी बसणं म्हणजे काय, हे इथल्या वाचकांना सांगायला नको. दुसऱ्या एका कंपनीने त्याला घ्यायची तयारी दाखवली, पण फाइल बंद झाली तरच. वकिलाने स्पष्ट सांगितलं होतं, फोन करणारा पुढे आला, त्याने गैरसमज झाला एवढं कबूल केलं, तर फाइल बंद होईल. नाहीतर नाताळच्या आत सामान बांधा.

फोन एका दुकानाबाहेरच्या पब्लिक फोनवरून आला होता. नाव सांगितलं नव्हतं. पण तळ्याकाठच्या कुठल्या अमेरिकन म्हाताऱ्याला मिलिंद केमिस्ट आहे हे कसं कळणार? म्हणजे फोन आपल्यातल्याच कुणीतरी केला. एकदा ही पाल चुकचुकली आणि मंडळाची दशा बघण्यासारखी झाली. सांस्कृतिक सचिवपदावरून मिलिंदशी भांडलेले पाटील पहिले संशयित. मग लॅबमध्ये मिलिंदच्या हाताखाली असलेला एक मुलगा. मग पाटलांनी उलट सांगायला सुरुवात केली की मिलिंदबरोबर तळ्यावर गेलेल्या तिघांपैकीच कुणी तरी असेल. पॉटलकच्या जेवणाला जमलेले लोक एकमेकांच्या भाज्या वाढून घ्यायचे आणि एकमेकांच्या नजरा टाळायचे. आम्ही ऑक्टोबरात पोचलो तेव्हा झाडांची पानं लाल झाली होती आणि माणसांची तोंडं बंद.

माझ्यावर तर दोन्हीकडून संशय. मंडळाला वाटायचं, मी त्या जर्मन बाईचा माणूस. एका काकूंनी मला विचारलं, "तुम्ही आपले ना? मग ते कानात काय घालून बसता?" आणि उर्सुलाबाईंना वाटायचं, मी आपल्या लोकांना पाठीशी घालतो. लोक इंग्लिशमध्ये बोलता बोलता मराठीत घसरायचे. मी भाषांतर करायचो तेव्हा त्या घड्याळाकडे बघायच्या. ते एक मिनिट बोलले आणि तू तीन शब्द सांगितलेस, असं त्यांचं म्हणणं. मी सांगायचो, आमच्या भाषेत आडवळणं फार. त्यांचा विश्वास बसायचा नाही, आणि खरं सांगायचं तर त्यांचं चुकत नव्हतं.

डॉक्टर सबनीसांकडे आम्ही मंडळाचे अध्यक्ष म्हणून गेलो. मोठं नीटनेटकं घर, दारात तुळस, भिंतीवर डिग्र्या. मी काकांच्या शर्टाला कॉलर माईक लावला. काकूंनी पोहे केले होते, वर खोबरं आणि कोथिंबीर. उर्सुलाबाईंनी हसून नको म्हटलं आणि जाकिटातून स्वतःची पाण्याची बाटली काढून टेबलावर ठेवली. काकूंचा चेहरा पडला. माझ्याकडे वळून त्या मराठीत म्हणाल्या, "पाणीसुद्धा नाही? आमच्या घरच्या पाण्याची भीती वाटते का हिला?" मी म्हटलं, काकू, तिचा नियम आहे, तुमचं काही नाही. मग दोघांच्या वाट्याचे पोहे मी खाल्ले. पोहे फार चांगले झाले होते, पण त्या दिवशी ते घशाखाली उतरवायला मला पाणी लागलं.

मुलाखत गुळगुळीत झाली. आपला समाज कसा शांतताप्रिय आहे, नव्या मुलांनी कसं समजून घ्यायला हवं, पोलिसांनी त्यांचं काम केलं, असं सगळं. उर्सुलाबाई मग, मग करत राहिल्या आणि काका सराईतपणे उत्तरं देत राहिले. शेवटी त्यांनी कॅमेरा बंद केला आणि टेप बदलायला घेतली. काका उठून आत किचनमध्ये गेले. माझा हात बटणाकडे गेला आणि त्याच वेळी कानात काकूंचा आवाज आला, "प्राजक्ता काल इथे बसून रडत होती. मला तिच्याकडे बघवत नाही हो."

माझा हात तिथेच थांबला.

काका दबक्या आवाजात म्हणाले, "मी मुद्दाम केलंय का? तळ्यावरचा रेंजर येईल, दमात घेईल, पोरं परत फिरतील, एवढंच होतं माझ्या मनात. कुणाला कळलेलं नाही, कळणारही नाही. तू फक्त त्यांच्यासमोर तोंड पाडून बसू नकोस."

मी बटण खाली केलं. उशिरा केलं, पण केलं. मान वर केली तर उर्सुलाबाई माझ्याकडे बघत होत्या. टेप हातातच होती.

"काय म्हणाले ते?"

"चहाचं विचारत होते," मी म्हटलं.

"चहाचं ऐकून तुझा चेहरा असा होतो?" त्या म्हणाल्या आणि टेप आत सरकवली.

मोटेलवर परत जाईपर्यंत त्यांनी विषय काढला नाही. पार्किंगमध्ये गाडी बंद केली आणि बसून राहिल्या. ती त्यांची नेहमीची गप्प बसण्याची युक्ती होती, ती आता माझ्यावर चालवत होत्या. मी ओळखलं आणि मीही गप्प बसलो. शेवटी त्याच म्हणाल्या, "मी तुला कानांसाठी घेतलं आणि भाषेसाठी घेतलं. त्यातलं एक तरी अजून माझ्याकडे आहे का?" मी म्हटलं, कॅमेरा बंद झाल्यावर ऐकलेलं आपण वापरत नाही, हा तुमचाही नियम आहे. त्या म्हणाल्या, नियम वापरण्याचा आहे. मला सांगण्याचा नाही. मला राग आला. सांगितलं असतं तर उद्या डॉक्टरकाका जर्मनीच्या टीव्हीवर खलनायक झाले असते, हे मला स्वच्छ दिसत होतं. आणि न सांगता बसलो असतो तर मिलिंद, प्राजक्ता आणि ती पोर विमानात बसली असती, हेही दिसत होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी एकटाच डॉक्टरांकडे गेलो. काकू योगा क्लासला गेल्या होत्या. दारातच सांगितलं, "काका, काल तुम्ही किचनमध्ये बोललात तेव्हा कॉलर माईक चालू होता."

त्यांचा हात शर्टाच्या बटणापाशी गेला, जसा माईक अजून तिथेच आहे. मग ते एकदम डॉक्टरी आवाजात बोलायला लागले. "टेप कुठे आहे?"

"टेप नाही. कॅमेरा बंद होता. फक्त मी ऐकलं."

"मग पुरावा काहीच नाही."

"नाही."

"तुला काय पाहिजे?" तुम्हीवरून ते तूवर आले होते.

मी म्हटलं, मला काही नको. मिलिंदच्या वकिलाला एक फोन करा. ते म्हणाले, त्या बाईने पाठवलंय का तुला? मी म्हटलं, बाईंना माहीत नाही. त्यांचा विश्वास बसला नाही. मीसुद्धा त्यांच्या जागी असतो तर ठेवला नसता. इथे तीस वर्षांत मी काय नाव कमावलंय ते तुला माहीत आहे का, असं काहीसं ते म्हणाले आणि दार लावलं. मी थोडा वेळ तुळशीपाशी उभा राहिलो. माझ्या हातात काही नव्हतं. यंत्रात काही नव्हतं. होतं ते माझ्या कानात, आणि कानाची साक्ष कोण धरतो?

दोन दिवसांनंतरची दुसरी मुलाखत आधीच ठरलेली होती. मला वाटलं काका कॅन्सल करतील. त्यांनी केली नाही. कॅन्सल केली तर संशय येईल, असं त्यांना वाटलं असावं. संशयाच्या दिवसांत माणूस अशीच गणितं करतो.

त्या दिवशी काकूही सोफ्यावर येऊन बसल्या, कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर. उर्सुलाबाईंनी फक्त एवढंच म्हटलं की त्या पाचव्या दिवसाचं दुपारच्या जेवणापासून सांगा. काकांनी सांगितलं. वरण-भात, मोदक, मग पडलो. मग? मग ग्रोसरी आणायला गेलो. मग? मग घरी आलो.

उर्सुलाबाई गप्प बसल्या. माझ्या कानात फ्रिजची घरघर, बाहेर कुणाचं तरी पानं उडवायचं मशिन, आणि काकांचा श्वास. कॉलर माईकमध्ये श्वास फार स्पष्ट येतो. तो भरभर चालला होता. कॅमेरा फिरत होता. तेवढ्यात सोफ्यावरून काकू म्हणाल्या, "अहो."

एवढंच. आमच्याकडे बायका ह्या शब्दात काय काय घालतात ते मी उर्सुलाबाईंना आजपर्यंत समजावू शकलेलो नाही. रागावल्या नव्हत्या, रडत नव्हत्या. नुसतं अहो.

काका इंग्लिशमध्ये, पेशंटची हिस्ट्री सांगावी तसं सांगायला लागले. ग्रोसरीच्या दुकानाबाहेर फोन होता. मुलं तळ्याकडे निघालेली मला माहीत होतं. मी फोन केला आणि सांगितलं की चार माणसं तळ्यात काहीतरी टाकायला चालली आहेत, त्यांना थांबवा. पलीकडून विचारलं, ओळखता का त्यांना? मी म्हटलं, एक जण औषधांच्या लॅबमध्ये केमिस्ट आहे. विचारलं तेवढं उत्तर दिलं. बोलताना कळलं नाही. फोन ठेवल्यावर कळलं.

"मग?" उर्सुलाबाई म्हणाल्या.

मला वाटलं संपलं. काकांनी कॉलर माईक काढला, तार गुंडाळली आणि माझ्या हातात दिली. मग मराठीत मला म्हणाले, "चल. आधी मिलिंदला सांगतो. मग वकिलाला."

शेवट काय झाला ते आताच सांगून टाकतो, म्हणजे वाचकांच्या जिवाला घोर नको. डॉक्टरांनी वकिलासमोर लिहून दिलं, फाइल बंद झाली, मिलिंदला ती दुसरी नोकरी मिळाली. तो अजून तिथेच आहे, आता स्वतःचं घर घेतलंय. डॉक्टरांनी मंडळाचं अध्यक्षपद सोडलं. मंडळाने त्यांना काही म्हटलं नाही, फक्त बोलावणं बंद केलं, आणि आपल्याकडे ते म्हणण्यापेक्षा वाईट असतं. मला मात्र बरंच म्हटलं. जर्मन बाईला घेऊन येऊन म्हाताऱ्याला नागडं केलं, असं पाटील फोन करकरून सांगत होते. आणि फिल्ममध्ये ती कबुली नाहीच. एडिटिंगला बसल्यावर उर्सुलाबाईंनी ती काढून टाकली. ज्या माणसाच्या शोधात त्या सगळीकडे फिरल्या होत्या, तो सापडल्यावर त्यांनी त्याला फिल्ममधून सोडून दिलं. मी विचारलं, का? त्या म्हणाल्या, का विचारू नकोस. मग थोड्या वेळाने म्हणाल्या की त्याने ते जिथे सांगायचं तिथे सांगितलं, आता जर्मनीतल्या लोकांना सांगून काय मिळणार? फिल्म त्यामुळे पांगळी झाली. समीक्षकांनी तसं लिहिलंही. मला त्यांचा अभिमान वाटला आणि थोडी शंकाही आली की हा मोठेपणा आहे की दमणूक. पुढे सहा वर्षं आम्ही बरोबर काम केलं, ट्रेलर पार्कमधली चाकांवरची घरं, तुरुंग, बंद पडलेले कारखाने, पण ती शंका मी त्यांना कधी बोलून दाखवली नाही.

मला सांगायचं आहे ते त्या दुपारचं.

मिलिंदच्या अपार्टमेंटमध्ये अर्धं सामान खोक्यांत भरलेलं होतं. प्राजक्ता मुलीला घेऊन आत गेली. उर्सुलाबाईंनी कॅमेरा गाडीतच ठेवला होता. मी हेडफोन न घालता तिथे उभा होतो. असं कान मोकळे ठेवून उभं राहायची मला सवयच नव्हती. काका बसले नाहीत. उभ्यानेच त्यांनी सगळं सांगितलं, फोन, केमिस्ट हा शब्द, सगळं. मिलिंद ऐकत होता. माझी खात्री होती की तो ओरडेल, दार उघडून बाहेर काढेल. तसं त्याने केलं असतं तर काकांनाही बरं वाटलं असतं.

"फोन करून तुम्ही घरी गेलात काका?" त्याने विचारलं.

काका म्हणाले, "नाही. तळ्यावर आलो. रेंजर तुम्हाला परत पाठवतो का ते बघायला. पण रेंजर नव्हता, तीन पोलीस गाड्या होत्या. तुम्ही गवतावर होता. मी उतरून सांगायला हवं होतं की मी ह्यांना ओळखतो, ही चांगली पोरं आहेत, गणपती आहे. दोन वाक्यं. मी गाडीतच बसून राहिलो."

मिलिंद खिडकीकडे बघत होता. मग तो म्हणाला, "कडेला एक पांढरी गाडी होती, लाइट चालू असलेली. ती तुमची होती का?"

"हो."

"मला वाटलं कोणीतरी आपलं आलंय. हात बांधायच्या आधी मी त्या गाडीकडे बघून हात केला होता."

आतून मुलीचं काहीतरी इंग्लिशमध्ये बोलणं ऐकू येत होतं.

"दिसला होता मला," डॉक्टर म्हणाले.